टायटल्समधे राहिलेलं नाव

तात्यानू,

काल पिक्चर पहिल्यांदा लोकांबरोबर बसून बघितला आणि शेवटी 'विशेष आभार'ची पट्टी वर सरकत गेली त्यात तुमचं नाव नव्हतं. यादी मीच दिली होती, घाईघाईत. कॉपी बाहेर गेल्यात, आता त्यात काही करता येत नाही, म्हणून हे पत्र इथे सगळ्यांसमोर लिहितोय.

तुम्हाला आठवत असेल, 2021 च्या एप्रिलात महाराष्ट्रात शूटिंग बंद झालं तेव्हा बऱ्याच मराठी सिरियलींची युनिटं गोव्यात गेली, मी पण गेलो, मे उजाडता उजाडता तिथेही बंद. हातात काम नाही, मुंबईला जाऊन करायचं काय, म्हणून कुडाळला घरी आलो आणि तिथून मालवणजवळ देवबागला तुमच्या पडवीत येऊन बसलो. एका संध्याकाळी कर्ली नदीच्या मुखाशी वाळूचा पट्टा मोकळा पडलेला आणि त्यावरून एक बाई पोराचा हात धरून चालत होती. तो सीन तिथेच लिहिला, पिक्चर त्याच्या आजूबाजूला नंतर जमला.

दोन वर्षांनी डिसेंबरात 45 माणसं घेऊन आलो. शेड्यूलमधे वाळूचा सीन दुपारी चारचा. तिथी बघायचं माझ्या डोक्यातच आलं नाही, मी बघितलं तेव्हा संध्याकाळी वाळू होती म्हणजे रोजच असणार असं धरून चाललेलो. ट्रॉलीचे ट्रॅक टाकून लेव्हल करेपर्यंत दीड वाजला आणि फळ्यांखाली पाणी यायला लागलं. तुम्ही दोन होड्या घेऊन आलात, आधी बायका-पोरांना काढलंत, मग कॅमेरा, आणि कॅमेऱ्याची पेटी स्वतःच्या मांडीवर घेऊन बसलात. किनाऱ्याला लागल्यावर म्हणालात, "झिला, आज पंचमी. पाचाची पाऊणपट पावणेचार. पावणेचाराक भरती पुरी होतली, चाराक तुका वाळू खय गावतली?"

पुढे बोटांवर मोजून दाखवलंत, तिथीच्या आकड्याची पाऊणपट म्हणजे भरती पुरी होण्याची वेळ. पुनवेला पंधराची पाऊणपट सवाअकरा, तेव्हा भरती, मग साडेपाचच्या सुमाराला सुकती म्हणजे ओहोटी, आणि उधाणाचं पाणी जितकं चढतं तितकंच मागे पण जातं त्यामुळे वाळू सगळ्यात रुंद तेव्हाच. मला हवा होता तो मावळतीचा उजेड आणि ती वाळू एकत्र मिळणार फक्त पुनव-अवसेच्या आसपास. मे महिन्यात मी बघितलं तेव्हा अवस होती हे तुम्हाला अजून लक्षात होतं.

मी इतकी वर्षं डेली सोप केल्या. तिथे दिवसाला 22 मिनिटांचा एपिसोड काढायचाच असतो, पाऊस टँकरचा, सूर्य लाइटवाल्यांचा, थांबणे हा प्रकारच नाही. निर्मात्यांकडून निरोप आला, सीन काढून टाका नाहीतर मुंबईत मढला घ्या. मी जवळजवळ हो म्हणालो होतो, खरंच. तुम्ही एवढंच म्हणालात की होडीचे पैसे नको, पुनवेपर्यंत थांब. मग सगळं शेड्यूल उलटं केलं, घरातले सीन आधी घेतले, दहा दिवसांनी वाळूवर उतरलो. पावणेसहाला एक टेक, सहाला दुसरा. तुम्ही मागून विचारलंत "पुन्हा कित्याक? आमच्या दशावतारात एकदाच." पिक्चरमधे पहिलाच टेक आहे तात्या. एडिटला दोन्ही शेजारी लावून बघितले, पहिल्यात पोराच्या पायाखालची वाळू ओली होती आणि त्यात आकाश दिसत होतं, दुसऱ्यात नाही.

आता माझ्या स्क्रिप्टच्या फाईलमधे कालनिर्णय असतं, असिस्टंट पोरांना पाऊणपट तोंडपाठ आहे, नवीन आलेल्याला पहिल्या दिवशी तेच विचारतात.

येत्या पुनवेला लॅपटॉप घेऊन येतोय. वयनींना सांगा जेवणाचं काही करू नका, कुडाळहून आई देणार आहे. पाच वाजता होडी काढा, वाळूवर बसून तो सीन तुम्हाला दाखवायचाय.

तुमचो झील