त्या न छापलेल्या पानासाठी, भाऊ, देव बरें करूं

भाऊ,

फोनवर तुमच्याशी नीट बोलताच आलं नाही, बाजूला आई रडत होती आणि मलाही शब्द फुटत नव्हते, म्हणून हे आभाराचं पत्र लिहितोय, आणि चारचौघांनी वाचावं म्हणून उघडच लिहितोय. परवा तुम्ही छापलेल्या बाबांच्या पुस्तकाच्या प्रतींचा गठ्ठा कदंबा बसमधून आला. कव्हरवर बाबांचं नाव, आत बाबांचीच बोली, कुठेही "शुद्ध" केलेली नाही. आईने पहिली प्रत देवासमोर ठेवली आणि मग कितीतरी वेळ बाबांच्या नावावरून नुसतं बोट फिरवत बसली.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. माझे बाबा गोव्यात डिचोलीतल्या आमच्या गावात वर्षानुवर्षं देवळात गाराणं घालायचे, म्हणजे गावाच्या वतीने देवाला साकडं घालायचे. शिक्षण चौथीपर्यंत, पण तीन वह्या भरून लिहून ठेवलेलं. कुठल्या वडाखाली गावाची राखण करणारा कुठला राखणदार, देवचाराला (तोही तसाच राखण करणारा) रोटाचा नैवेद्य कधी द्यायचा, सातेरी देवी वारुळाच्या रूपात का पुजतात, वेताळाला वहाणा का वाहतात (तो रात्रभर गावाची राखण करत फिरतो, चालून चालून वहाणा झिजतात), शिगम्यात (आमच्याकडच्या होळीच्या सणात) गडे, म्हणजे अंगात आलेले गावकरी, कुठल्या वाटेने धावतात, सगळं. ते गेल्यावर या वह्या घेऊन मी तीन वर्षं दारं ठोठावली. एका नावाजलेल्या प्रकाशकाने वह्या चौदा महिने ठेवून घेतल्या आणि परत दिल्या तेव्हा एकीच्या पुठ्ठ्यावर चहाच्या कपाचा गोल डाग होता, वाचलेलं मात्र एक पान नव्हतं. दुसऱ्याने साठ हजार मागितले, वर म्हणाला यात थोडं भुताखेतांचं वाढवा, करणी-बिरणी घाला, कव्हरवर कवटी टाकू, हातोहात खपेल. त्या दिवशी मी पणजी स्टँडवर दोन बसेस सोडल्या, घरी जाऊन आईला काय सांगू तेच कळेना.

तुम्ही पैसे मागितले नाहीत, घाई केली नाहीत. वह्या आणून द्या असंही म्हणाला नाहीत, म्हणालात मीच येतो, त्या वस्तू घराबाहेर कशाला काढता. ऐन पावसात आलात, ओसरीवर बसलात, आणि वही उघडण्याआधी पंच्याने हात कोरडे केलेत. पानावर पेनाची एक रेघ मारली नाहीत, शंका आली की कागदाची पट्टी घालून ठेवायचात. संध्याकाळपर्यंत साठेक पट्ट्या झाल्या असतील.

दुपारी जेवताना तुम्ही तुमचं सांगितलंत ते मी विसरणार नाही. पेपरात प्रूफं तपासता तपासता हा नाद लागला, फोंड्यातल्या घरच्या एका खोलीत प्रकाशन सुरू केलं, आणि तीस वर्षं नाथपंथ, वेताळ, राखणदार अशा विषयांवर लिहीत आणि दुसऱ्यांचं छापत आलात. मी विचारलं हेच का, तर म्हणालात, भारतातला पहिला छापखाना १५५६ साली आपल्या जुन्या गोव्यात आला, १६१६ साली रायतूरला ख्रिस्तपुराण मराठीत छापलं गेलं (लिपी रोमन), आणि त्याच गोव्यात १७५४ पासून १८२१ पर्यंत छपाईच बंद होती. एवढ्या काळात आपल्या लोकांचं जे काही राहिलं ते डोक्यात आणि तोंडात राहिलं, माणूस गेला की गेलं. ते पकडायचं तर कोणीतरी दारोदार जायला हवं. मला एकदम बाबा आठवले.

आणि तुम्ही नुसतं गूढ गूढ करून लिहीत नाही हे तुमचं संमोहनावर काम केलेल्या आबे फारियावरचं लेखन वाचलेल्या कोणालाही कळेल. पणजीत जुन्या सचिवालयाजवळ त्याचा पुतळा आहे, तिथे फोटो काढणारे म्हणतात हा बाईला मंत्र घालतोय. तुम्ही लिहिलंत की कांदोळीला १७५६ साली जन्मलेल्या या पाद्रीने पॅरिसात जाऊन नेमकं उलटं सांगितलं, झोप लावणाऱ्याच्या हातात काही जादू नाही, जे घडतं ते झोपणाऱ्याच्या स्वतःच्या मनात. लोक काय मानतात ते एकीकडे आणि कागदावर काय सापडतं ते दुसरीकडे, दोन्ही आदराने. अशी माणसं कमी आहेत हो.

पण मला आभार मानायचेत ते एका पानासाठी. तिसऱ्या वहीत शेवटी एक पान दुमडून दोऱ्याने शिवलेलं होतं. आई म्हणाली, ह्यांनी सांगून ठेवलंय, हे शब्द देवासमोरच बोलायचे, बाहेर नाहीत. मला खरं सांगायचं तर वाटलं आता हे उसवणार, कारण आधीच्या दोघांनीही पहिलं त्याच पानाबद्दल विचारलेलं, विकलं जाणारं पान तेच. तुम्ही वही आईच्या मांडीवर ठेवलीत आणि म्हणालात, "वहिनी, हे तुमच्याकडेच राहू दे. मला बघायचंही नाही." शिवाय निघताना दोरा एका टोकाला सुटत आलाय म्हणून आईकडून सुई मागून घेतलीत आणि तिथे ओसरीवरच दोन टाके घातलेत. तीस वर्षं अशाच गोष्टींच्या शोधात घालवलेला माणूस, आणि समोर आलेलं पान स्वतःच्या हाताने शिवून परत देतो. त्या क्षणी आईचा चेहरा बदलला. बाबा गेल्यापासून ती बाहेरच्या माणसाशी मोकळी बोलत नव्हती, त्यानंतर तिनेच तुम्हाला वह्यांत नसलेल्या किती गोष्टी सांगितल्या, आणि पुस्तकात त्या तिच्या नावाने आल्यात. तिचं नाव छापील अक्षरात पहिल्यांदाच आलं, भाऊ. लग्नपत्रिका सोडल्यास.

गावातल्या वाचनालयाला दोन प्रती दिल्या, देवळात एक. गावकार मंडळी रात्री उशिरापर्यंत वाचत बसली होती, एका वाटेच्या नावावरून वादही झाला, तो तुम्हाला भेटल्यावर सांगतो, पुढच्या आवृत्तीत दुरुस्त करायला लागेल.

चवथीला याच. आई खतखतें करणार आहे, आणि ती सुई तिने अजून वेगळी ठेवलीय.

तुमचा,
वह्यावाल्या घरचा मुलगा