गिरणीचा प्लेयर

सोलापूर,
रविवार, दुपार

प्रिय बंड्या,

"विजयन रिटायर झाला बे पोलीसमधनं, एवढा मोठा प्लेयर शेवटी सरकारी नोकरच" एवढा एक मेसेज टाकून तू गप्प बसलास. मी उत्तर टाइप करायला लागलो तर ते लांबतच चाललं, अंगठा दुखायला लागला, म्हणून म्हटलं सरळ पत्रच लिहू. तसंही मे महिन्यात दुपारी दोनला सोलापुरात घराबाहेर पडायची कुणाची टाप आहे, पंखासुद्धा गरम हवा फेकायलाय.

आधी एक सांग, तुझ्याकडं विजयनचा तो फोटो आहे का अजून? पेपरातनं कापलेला, काळापांढरा, चेहरा नीट दिसत पण नव्हता, आणि तू तो कंपासपेटीच्या झाकणाला आतनं चिकटवलेला. सगळी पोरं सचिन सचिन करायची आणि आपण दोघं येडे त्या केरळच्या फुटबॉलवाल्याचं, आय. एम. विजयनचं नाव घेत फिरायचो. सर पण विचारायचे, कोण रे हा, मंत्री आहे का?

आपल्याला तो आवडायचं खरं कारण खेळ नव्हताच बे, खेळ आपण बघितला होता कुठं. कारण होतं जेसीटी. १९९६-९७ ला पहिली नॅशनल फुटबॉल लीग झाली आणि कलकत्त्याच्या, गोव्याच्या सगळ्या टीमना मागं टाकून ती जिंकली पंजाबातल्या फगवाड्याच्या एका कापड गिरणीनं. जगतजित कॉटन टेक्स्टाइल. तू पेपर घेऊन पळत आलेलास आमच्या घरी. विजयन होता त्यात, बायचुंग भुतिया होता, १४ गोल मारून लीगमध्ये पहिला आलेला, आणि त्रिशूरचाच जो पॉल अंचेरी.

त्या वेळी आमचे अण्णा घरीच असायचे, गिरणी बंद पडलेली, भोंगा वाजायचा बंद झालेला तरी पहाटे उठून बसायचे सवयीनं. तू त्यांना बातमी वाचून दाखवलीस आणि ते म्हणाले, "गिरणीची टीम? म्हणजे बॉलला लाथ मारायचा पगार देत्यात व्हय?" तू म्हणालास, देतात की काका. त्यावर अण्णा किती हसले आठवतंय का, "आमी तीस वर्षं साच्यावर उभारलो, आमाला कुणी सांगितलंच नाही बघ." पण नंतर रोज विचारायचे, तुमची गिरणी जिंकली का आज. तुमची गिरणी! स्वतःच्या गिरणीचे पैसे अडकलेले आणि फगवाड्याच्या गिरणीची काळजी.

आता सगळीकडं त्याची ती सोड्याची स्टोरी फिरायलीय. त्रिशूरच्या म्युनिसिपल स्टेडियममध्ये सोड्याच्या बाटल्या विकायचा, बाटलीमागं दहा पैसे मिळायचे, आणि मग पद्मश्री, वगैरे. खोटं नाही ते. पण मला ती स्टोरी अशी सांगितलेली आवडत नाही, जणू सोडा विकला म्हणून तो मोठा झाला. पार्क मैदानावर मॅचच्या दिवशी आपण पण गोटी सोड्याच्या गाडीवर पडून असायचो, आपलं काय झालं? (तुझं पोट सुटलं.) सोड्याचा एकच उपयोग झाला असणार, गेटवर तिकीट मागायला कुणी आलं नसणार. बाटल्या विकता विकता मॅचेस बघायला मिळाल्या.

खरी गोष्ट पुढं आहे. पोरगा १७ वर्षांचा, घरात दारिद्र्य, आणि केरळ पोलिसांचे तेव्हाचे प्रमुख, डीजीपी एम. के. जोसेफ त्याचा खेळ बघून त्याला पोलीस टीममध्ये घेतात. नोकरी बे! महिन्याच्या महिन्याला. मला तरी वाटतं तिथंच सगळं फिरलं, गुण तर आपल्या पूर्व भागातल्या, पायलट म्हणायचो त्या पोराच्या पायात पण होते, तो सोळाव्या वर्षी पॉवरलूमवर गेला आणि आता गुडघे धरून बसतो. आणि विजयनची ती केरळ पोलीस टीम १९९० ला फेडरेशन कप जिंकली, कुठं, तर त्रिशूरलाच. जिथं बाटल्या विकल्या त्याच गावात.

मग कलकत्त्याचा मोहन बागान, परत पोलीस, परत बागान, मग फगवाडा, एफसी कोचीन, ईस्ट बंगाल, पुन्हा फगवाडा, गोव्याला चर्चिल ब्रदर्स. तू म्हणायचास तलाठ्याच्या पण एवढ्या बदल्या होत नाहीत. एफसी कोचीन तर १९९७ ला निघाला आणि त्याच वर्षी ड्युरंड कप मारला, नि काही वर्षांतच गाशा गुंडाळला. कुठलंच घर टिकत नव्हतं आणि हा बाबा जाईल तिथं गोल करत होता. वर्षातला बेस्ट प्लेयर तीनदा, ९३, ९७ आणि ९९.

९९ वरनं आठवलं, काठमांडूला दक्षिण आशियाई देशांच्या सॅफ गेम्समध्ये भूतानविरुद्ध त्यानं बाराव्या सेकंदाला गोल मारला. बारा सेकंद! गोटी आत ढकलून फेस खाली बसेपर्यंत गोल. तुझ्याशी पैज लागलेली माझी, तू म्हणालास छापायची चूक असणार, बारावं मिनिट असेल. ती भज्यांची प्लेट अजून येणं आहे.

कलकत्त्यात त्याला कालो हरिण म्हणायचे, काळवीट. आणि आपण सायकली मारत नान्नजच्या माळढोक अभयारण्यात गेलेलो ते आठवतं का, माळढोक काय दिसला नाही पण काळविटांचा कळपच दिसलेला. एक नर बराच वेळ नुसता उभा होता, आपण कंटाळलो, पाणी प्यायला बाटली काढली आणि तेवढ्यात तो गेलासुद्धा, उडी दिसली, सुरुवात दिसलीच नाही. परवा यूट्यूबवर जुने खराब व्हिडिओ बघितले विजयनचे. तसंच आहे बघ. पेनल्टी एरियात आळशासारखा उभा, पाठ गोलकडं, आणि मग एकदम पाय हवेत.

२००३ ला हैदराबादला ॲफ्रो-एशियन गेम्स झाले, तिथं ३४ वर्षांचा असताना चार गोल मारले, टीमला सिल्व्हर, आणि इंटरनॅशनल संपवलं. आपण म्हणालेलो हैदराबाद काय लांब, एका रात्रीत रेल्वेनं. गेलो नाही. तुझी नवी नोकरी, माझी उधारी. याचं मला अजून वाईट वाटतं, खरंच सांगतो.

नंतर त्यानं मल्याळी-तमिळ सिनेमात कामं केली, पण पोलिसात परत आला आणि २०२५ च्या एप्रिलमध्ये तिथूनच रिटायर झाला, डेप्युटी कमांडंट म्हणून. जेसीटीची टीम तर २०११ लाच बंद केली. तू मेसेजमध्ये लिहिलंयस की एवढा मोठा प्लेयर शेवटी सरकारी नोकरच. शेवटी नोकरच म्हणजे काय बे? तुझ्या कंपनीनं गेल्या वर्षी काय केलं ते विसरलास?

असो. अण्णांना काल सांगितलं. आता ऐकू कमी येतं, दोनदा ओरडून सांगावं लागलं, तो तुमच्या गिरणीचा विजयन, रिटायर झाला. बराच वेळ काही बोलले नाहीत, मला वाटलं झोप लागली. मग म्हणाले, "पेन्शन बसली का त्याला?"

मी म्हटलं बसली असंल की, सरकारी आहे.

"बरं झालं," म्हणाले आणि कूस बदलून भिंतीकडं तोंड केलं.

तुझाच,
पप्या

ता. क. - येताना बॉलमध्ये हवा भरायची पिन घेऊन ये, आमच्या पोरानं हरवली आणि इथं दुकानदार आख्खा पंपच घ्या म्हणायलाय. शेंगा चटणी बांधून ठेवतो, कडक भाकरी पण.