पांढरा भात

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

गेइशांचं जग सोडताना वाटतात तो तुझा भाताचा डबा पोचला. क्योटोच्या गिऑनमधल्या चहाघरांत, नाचाच्या बाईंकडे गेला तसाच आपल्या गेइशांच्या घरी, ओकियातही. थोरली तालमीला गेल्यावर उघडला, चॉपस्टिकने तळापर्यंत उकरून पाहिला. नुसता पांढरा, म्हणजे कायमची गेलीस. चार लाल दाणे टाकले असतेस तर काय बिघडलं असतं? परत यायलाच हवं असं थोडंच आहे! दार लोटलंय, कडी लावली नाही, एवढंच कळलं असतं लोकांना. जाऊ दे. भाताबद्दल लिहायचंच नव्हतं.

टोकियोत खोली मिळाली का? पावत्या जपून ठेव. मायको, शिकाऊ गेइशा असताना हातखर्चापलीकडे पैसा तू पाहिला नाहीस. कुणाला उसने देऊ नकोस, गोड बोलणाऱ्याला तर मुळीच नाही. बघ, झालं सुरू माझं. रागावू नकोस. तुझी आई मी आणि ओकियाची मालकीण, ओकासानही मीच. तोंड उघडलं की कोण बोलेल, नेम नाही.

डोक्यावरचं ते अंबाड्याने पडलेलं पैशाएवढं टक्कल भरून आलं का गं? आता उंच लाकडी उशी नाही, तरी मान अवघडत असेल.

मिसेदाशीचा, मायको म्हणून तुझ्या पदार्पणाचा दिवस आठवतो. तीन पेले, प्रत्येकाचे तीन घोट. तू आणि थोरली सख्ख्या बहिणी, साके पिऊन पुन्हा बहिणी झालात. तिच्या नावातलं एक अक्षर तुला मिळालं. नववा घोट घेतलास आणि उचकी लागली! थोरली ओठ चावून हसू दाबत होती. मग पाच मीटरहून लांब ओबीचा पट्टा पाठीवर घेऊन तू हानामिकोजी रस्त्याने निघालीस. माझीच दृष्ट लागेल म्हणून मी आत गेले.

आजीही गेली होती. 1944 च्या मार्चमध्ये सरकारने चहाघरं बंद केली, तेव्हा आपलं वाद्य, शामिसेन गुंडाळून ठेवून कारखान्यात. युद्ध संपल्यावर परत आली. अर्थात, तिने भात वाटला नव्हता.

थोरली काही बोलत नाही. एप्रिलच्या मियाको ओदोरी नाचाची तालीम, घरी आल्यावर हिशेबाच्या वह्या. घर तिने चालवायचं हे ती सात वर्षांची असतानाच ठरवून टाकलं मी. तिला विचारलं नव्हतं. तूही विचारलं नाहीस, पण तू निदान निघालीस.

काल रात्री तिने तो भात खाल्ला, गार झालेला, एक शीत न ठेवता. मग डबा धूत बसली, कितीतरी वेळ.

डबा लाखेचा आहे, पार्सलमध्ये टवका उडेल. न्यायला येशील का?

तुझी,
आई