फुंकर मारून बघ, म्हणालात म्हणून

ती. काकू,
सा. न. वि. वि.

काल रात्री बॉस्टन बेक्ड बीन्स एकदाच्या जमल्या. फोनवर आभार मानले असते तर तुम्ही “बरं बरं, जेवलास का?” म्हणून विषय बदलला असतात. म्हणून हे पत्र, तेही सगळ्यांदेखत.

आधीच्या तीन खेपा तुम्हाला अर्ध्याच सांगितल्या होत्या. पहिल्या वेळी नेव्ही बीन्स (आपल्या घेवड्याचाच बारका पांढरा भाऊ) भिजवल्या आणि सवयीने फडक्यात बांधून मोडाची वाट बघत बसलो. उसळीचा हात! दीड दिवसाने वास सुटला. दुसऱ्या वेळी कुकरला लावल्या, त्याचं पिठलं झालं. तिसऱ्या वेळी भिजवलेले दाणे, मोलॅसिस (काळा, दाट, गोड पाक), मोहरीपूड सगळं एकदम भांड्यात घालून आठ तास ओव्हनमध्ये ठेवलं. बाहेर आले ते गोड खडे.

तेव्हा तुम्हाला फोन केला. तुम्ही हसला नाहीत, हे विशेष. मोलॅसिस आंबट गुणाचं, त्यात कॅल्शियमही भरपूर, त्यामुळे कच्चा दाणा त्यात पडला की शिजायचंच नाव घेत नाही, हे तुम्ही दोन वाक्यांत सांगितलंत. आधी नुसत्या पाण्यात मंद शिजव. दोन दाणे चमच्यात घेऊन फुंकर मार. साल सुरकुतून उलटलं की गॅस बंद.

फुंकर मारत गॅसपाशी उभा होतो. अर्धा तास काही नाही, बायको दारातून बघून गेली. पन्नासाव्या मिनिटाला फुंकरीसरशी साल कांद्याच्या पापुद्र्यासारखं वळलं, आणि मी एकटाच ओरडलो.

पुढचं सगळं तुमच्या भांड्याने केलं. लोणच्याच्या बरणीसारखं पोट, अरुंद तोंड, झाकणाचा टवका उडालेला. तळाशी अख्खा कांदा, पाऊण कप मोलॅसिसऐवजी (माझा हात सुटलाच होता) तुम्ही सांगितलेलं पाव कपाहून थोडं जास्त, चमचाभर मोहरीपूड, मीठ. २७५ फॅरनहाइटवर सात तास, तासातासाने गरम पाण्याची भर, शेवटी पाऊण तास झाकण काढून. तुमच्या तेव्हाच्या घरमालकीणबाई खारवलेल्या डुकराच्या मांसाचा तुकडा घालायच्या, तिथे तुमचं लोणी. तुमची हिंगाची चिमूट मात्र मी गाळली. क्षमस्व, पण हिंगाने त्याची आमटी होते.

मोलॅसिसऐवजी कोल्हापूरची काकवी चालेल का, असं विचारलं होतं. तुमचं उत्तर आता जिभेला पटलं. काकवी म्हणजे आटवलेला रस, साखर सगळी आतच. मोलॅसिस म्हणजे साखर काढून घेतल्यावर उरलेली मळी, म्हणून ती कडसर झाक. (‘मळी’ शब्द ऐकून बायकोने नाक मुरडलं, मग दोनदा वाढून घेतलं.)

सत्तरच्या दशकात त्याच घरमालकीणबाईंनी तुम्हाला हे शिकवताना सांगितलेलं तुम्ही मला सांगितलंत: प्युरिटन लोकांचा (इथले जुने कर्मठ ख्रिस्ती) पवित्र दिवस शनिवारी सूर्य मावळताच सुरू व्हायचा, मग स्वयंपाक बंद. म्हणून भांडं आधीच भट्टीत, रात्री गरम जेवण आणि उरलेलं रविवारी सकाळी. “आपली शीतलासप्तमीच की रे,” म्हणालात. आणि १९१९ साली इथल्या, बॉस्टनच्या नॉर्थ एंड भागात मोलॅसिसची टाकी फुटून २१ माणसं गेली, हे नेमकं मी कप भरत असताना सांगितलंत. हात आपोआप जपून चालला.

शनिवारी सहाला भांडं परत आणतो. रिकामं आणणार नाही. हिंग तुमचा तुम्ही वरून घाला.

तुमचा,
खालच्या गल्लीतला