चिकटवलेली पाने

तीर्थरूप आई आणि बाबा यांस,
साष्टांग नमस्कार.

तुम्ही पाठवलेले पुस्तकांचे खोके सुखरूप पोहोचले. फोनवर तसे कळवले होतेच, परंतु त्यातल्या एका पुस्तकाविषयी सविस्तर लिहायचे असल्यामुळे हे पत्र. आईने प्रत्येक पुस्तकाला नव्याने खाकी कव्हर घातले आहे आणि ज्यांची शिवण सुटली होती ती जाड दोऱ्याने पुन्हा शिवली आहेत. हे पाहून तुमच्या नातीने पहिला प्रश्न केला तो असा, की आजीच्या पुस्तकांना गणवेश असतो का. खोक्यात वरच्या थरात गोष्टींची पुस्तके होती आणि खाली थोरांची चरित्रे. वरचा थर तिने दोन दिवसांत फस्त केला. चरित्रांकडे मात्र ती ढुंकून बघेना.

तिला दोष देण्याआधी मी ती चरित्रे पुन्हा वाचून काढली, आणि तिचे फारसे चुकले आहे असे मला वाटेना. त्यांतल्या बहुतेकांत मुलाचे पाय पाळण्यात इतके स्वच्छ दिसतात, की पुढे वाचण्यासारखे काही उरतच नाही. ज्याला कधी भीती वाटली नाही आणि ज्याचे गणित कधी चुकले नाही, त्याने मोठेपणी जे केले त्याचे सात वर्षांच्या मुलीला नवल का वाटावे?

शिवाय लिहिणारे कधी कधी प्रसंगच रचतात. जॉर्ज वॉशिंग्टनने लहानपणी चेरीच्या झाडावर कुऱ्हाड चालवली आणि वडिलांपुढे ते खरे सांगून टाकले, ही गोष्ट बाबा, तुम्ही मला कितीदा ऐकवली असेल! (मी फुलदाणी फोडली त्या दिवशी तर दोनदा.) ती मेसन वीम्स नावाच्या चरित्रकाराची. त्याचे पुस्तक वॉशिंग्टनच्या मृत्यूनंतर लगेच, १८०० साली निघाले. पण त्यात हा प्रसंग आला तो १८०६ च्या आवृत्तीत, आणि तोही नाव न सांगितलेल्या एका वृद्ध बाईच्या हवाल्याने. दुसरा विश्वासार्ह आधार त्याला नाही. खरे बोलावे हे मुलांच्या मनावर ठसवण्यासाठी बहुधा थापच मारावी लागली, याचे मला हसूही येते आणि थोडा रागही येतो. न्यूटनचे सफरचंदही त्याच्या डोक्यावर पडले नव्हते. ते झाडावरून पडताना पाहून विचार सुचला, एवढेच त्याने म्हातारपणी मित्राला सांगितले होते.

गोष्टीचे वेगळे. आई, तुझ्या काऊ-चिऊच्या गोष्टीचा शेवट रोज बदलत असे, आणि मला ताप असेल त्या रात्री तर चिऊताई पहिल्याच हाकेला दार उघडत असे. मला ती लबाडी कळत होती, आणि हवीही होती. तो गोष्टीचा हक्क आहे. चरित्राला तो नाही.

आता मुख्य मुद्द्याकडे येते. लुई ब्रेलच्या चरित्रात एक पान पुठ्ठ्यासारखे जाड आहे, हे तुम्हाला आठवत असेल. लहानपणी मला ते खास पान वाटे. परवा तुमच्या नातीने ते चिमटीत धरून पाहिले आणि सातव्या पानाच्या पाठीमागे थेट दहावे कसे, असे विचारले. मग माझ्या लक्षात आले, की बाबांनी डिंकाने दोन पाने एकमेकांना चिकटवली आहेत, आणि तेवढ्या जागी ते नेहमी ‘लहानपणी त्याची दृष्टी गेली’ एवढेच वाचून पुढे जात. मी ते पान वाफेवर धरून हलकेच सोडवले.

आत अपघात आहे. ब्रेलचे वडील घोड्यांचे खोगीर आणि लगाम बनवत. तीन वर्षांचा लुई त्यांच्या चामडे टोचायच्या आरीशी खेळत असताना ती त्याच्या डोळ्यात घुसली, आणि तो संसर्ग दुसऱ्या डोळ्यातही पसरला. पाचव्या वर्षापर्यंत तो पूर्ण आंधळा झाला. ऐकून नात बराच वेळ गप्प होती. मग तिने विचारले, “त्याच्या बाबांनी आरी वर का नाही ठेवली?” बाबा, ते पान तुम्ही माझ्यासाठी चिकटवले असावे असेच मी समजत होते. ते मुलांपेक्षा बापालाच मोठ्याने वाचायला जड आहे, हे मला तेव्हा उमगले. पुढे त्याच वडिलांनी लुईला वाट चाचपत फिरता यावे म्हणून काठ्या तासून दिल्या; तेही त्याच पानांत गेले होते.

त्यानंतर उरलेले पुस्तक तिने माझ्याकडून तीनदा वाचून घेतले. बार्बिए या फ्रेंच लष्करी अधिकाऱ्याच्या, बोटांनी चाचपून वाचायच्या बारा टिंबांच्या लिपीवरून ब्रेलने १८२४ साली, अवघ्या पंधराव्या वर्षी, सहा टिंबांची लिपी बसवली, आणि त्या सहांतून ६३ वेगवेगळ्या आकृत्या होतात, हे कळताच ती कंपास घेऊन पुठ्ठ्यावर आपले नाव टोचायला बसली. टिंबे वर उठायची तर मागच्या बाजूने आणि उजवीकडून डावीकडे टोचावे लागते, हे तिला तीन पुठ्ठे वाया गेल्यावर समजले. मी सारा वेळ कंपासच्या टोकाकडे बघत बसले होते.

ब्रेल १८५२ साली वारला, आणि तो जिथे शिकला व शिकवत होता त्या पॅरिसच्या संस्थेने त्याची लिपी अधिकृतपणे स्वीकारली ती १८५४ मध्ये. आपल्या पुस्तकात ही दुसरी तारीख दिलेलीच नाही. सगळे त्याच्या हयातीतच झाल्यासारखे वाटते. मी तिला ती सांगितली तेव्हा ती रडली नाही, चिडली. “म्हणजे त्याला कळलेच नाही?” असे तिने दोनदा विचारले आणि पुस्तकाच्या शेवटच्या पानावर पेन्सिलीने १८५४ लिहून ठेवले.

म्हणून पुढच्या खोक्यासाठी एक विनंती. ज्यात माणूस चुकला आहे, हरला आहे, कुणाशी भांडला आहे, अशी चरित्रे पाठवा. ती पातळ असली तरी चालतील. गोष्टींची पुस्तके आईने निवडावीत, त्यात मला काही बोलायचे नाही.

बाबा, मेरी क्युरींच्या चरित्रातही एक पान जाड लागते आहे. पिएर क्युरी १९०६ साली घोडागाडीखाली सापडून गेले, ते तिथे असावे असा माझा अंदाज आहे. ते मी अजून सोडवलेले नाही. तुम्ही इकडे आलात की वाफेवर मी धरीन. वाचा मात्र तुम्ही.

तुमची,
धाकटी