पक्यास, पांढऱ्या रात्रीबद्दल

सोलापूर,
नळाला पाणी यायची रात्र

प्रिय पक्या,

तुझा निरोप येऊन तीन महिने झाले, मी उत्तर दिलं नाही. अरबी समुद्रातल्या तुझ्या जहाजावरून आलेल्या दोनच ओळी होत्या. ‘सोकोत्राच्या पुढं काल रात्री समुद्र पांढरा झाला बे. कंबरसागर!’ वाचलं आणि फोन पालथा ठेवला. राग आला होता. पांढरी रात्र मी रचली आणि बघायला मिळाली तुला. आता राग उरला नाही, म्हणून लिहितोय. तब्येत बरी. आईचे गुडघे तसेच.

आठवतं ना, पाण्याची वाट बघत बघतच आपण तो समुद्र रचला. नळ चार दिवसांनी यायचा, तोही रात्री दोनला. घागरी रांगेत मांडून तुमच्या ओट्यावर बसायचं आणि कंबर तलावाला पलीकडचा काठच नाही असं धरून चालायचं. बारा वर्षांतून एकदा कंबरसागरावर पांढरी रात्र येते. लाटा दिसेनाशा होतात, होडीखाली पाणी आहे की ढग, हे नावाड्याला कळत नाही. इथवर आपलं एकमत. भांडण पुढं. मी म्हणायचो, बुडालेल्या होड्यांचे कंदील त्या रात्री तळाशी पेटतात. तू म्हणायचास, जादूलाही नियम पाहिजे. एकटा कंदील एरवी का पेटत नाही ते सांग. त्या रागात तू वहीची आठ पानं फाडलीस. काकूंनी त्यात शेंगाचटणी बांधून माझ्याच डब्यात दिली होती, हे तुला आजवर सांगितलं नाही.

परवा ती वही माळ्यावर सापडली. तेव्हापासून झोप नाही. मिळेल ते वाचतोय.

पक्या, खलाशी त्याला दुधाळ समुद्रच म्हणतात. २५ जानेवारी १९९५ ला ‘लिमा’ नावाचं ब्रिटिश व्यापारी जहाज सोमालियाच्या बाजूला त्यातून गेलं. दहा वर्षांनी शास्त्रज्ञांनी त्या रात्रीची जुनी उपग्रहचित्रं काढून पाहिली, तर पांढरा डाग तिथंच होता. १५,४०० चौरस किलोमीटर! करमाळ्यापासून अक्कलकोटपर्यंत आपला अख्खा जिल्हा त्यात बुडेल. जीवाणूंचा उजेड असतो तो. लाट फुटली की चमकून विझतात ते कोकणातले जीव निराळे. हे न हलता रात्रभर तेवतात. आणि एकटे तेवत नाहीत. प्रत्येक जण पाण्यात कणभर रसायन सोडतो. पुरेसे जमले की ते पाण्यात दाटतं, आणि मग सगळे एकदम उजळतात. तुझाच नियम की हा!

मग माझे कंदील कुठं जाणार? वहीत दुसऱ्या पानावर कोपऱ्यात एक कंदील आहे, त्याची काच तडकलेली. तो आप्पांचा आहे. गिरणीच्या पहाटपाळीला न्यायचे तो. तुला मी कधीच बोललो नाही. तू नियम मागितलास की वाटायचं, हा आप्पांचा कंदील विझवायला बसलाय. म्हणून भांडायचो, नियमासाठी नव्हे. आता गोष्ट पुरी करायला घेतली आहे आणि दोन रात्री त्याच पानाशी अडलोय. कंदील काढून जीवाणू घातले तर ती तुझी गोष्ट होते. दोन्ही ठेवले तर नावाडी कोणाला हाक मारणार? कधी वाटतं, पुरेसे जमल्याशिवाय पेटत नाहीत हेच बुडालेल्यांनाही लागू असेल. आप्पा एकटे असतील तोवर अंधारच असेल. हे तू वाचून सांग. दुसऱ्या कोणाला विचारू?

तू सेकंड इंजिनियर झालास असं काकू सांगत होत्या. अभिनंदन. धाकटीची दहावी कशी गेली? वहिनींना नमस्कार.

अजून एक. २०१९ च्या ऑगस्टमध्ये जावाच्या दक्षिणेला एक शिडाची नौका अशाच पाण्यातून गेली. तिचं नाव ‘गणेशा’. आईला सांगितलं, तर म्हणाली, मग बुडेल कशी ती? त्या लोकांनी बादलीनं पाणी वर काढलं. बादलीत थोडेच ठिपके होते, स्थिर. ढवळल्यावर ते उजळायचे सोडून मंदावले.

तू बादली टाकली होतीस का? ढवळलंस का? तेवढं नक्की लिही.

पाणी आलं वाटतं. मोरीत घागर वाजली.

तुझा,
बाळ्या