वारस सातबाऱ्यावर आले, पण दाव्यात नाहीत

संपादक महोदय,

वाटपाचा दावा चालू असताना पक्षकारांपैकी एक भाऊ वारतो. घरचे लोक दहावे-तेरावे उरकून तलाठ्याकडे वारसनोंदीचा अर्ज देतात. फेरफार मंजूर होतो, सातबाऱ्यावर विधवा आणि मुलांची नावे लागतात आणि सगळ्यांची समजूत होते की कोर्टातही आता हीच माणसे आली. पण महसूल दप्तरातली नोंद दाव्यात आपोआप उतरत नाही. दाव्यात वारस आणायला स्वतंत्र अर्ज लागतो आणि त्याची मुदत मृत्यूच्या तारखेपासून 90 दिवस आहे. मृत्यू कळला त्या तारखेपासून नव्हे. या एका गैरसमजापायी वर्षानुवर्षे चाललेले दावे वाया जातात, म्हणून हे पत्र.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 22 प्रमाणे, दाव्याचा हक्क मृत्यूनंतर टिकत असेल तर दावा संपत नाही. मात्र मुदत कायद्याच्या अनुच्छेद 120 मधल्या 90 दिवसांत अर्ज आला नाही, तर त्या मयतापुरता दावा अबेट होतो, म्हणजे बारगळतो. त्यासाठी न्यायाधीशांनी हुकूम करावा लागत नाही. दिवस भरले की ते आपोआप घडते. पुढच्या 60 दिवसांत अबेटमेंट रद्द करून घेता येते (अनुच्छेद 121). म्हणजे मृत्यूपासून 150 दिवसांपर्यंत विलंबमाफीचा प्रश्न येत नाही. शेवटचा दिवस उन्हाळी सुट्टीत पडला, तर कोर्ट उघडेल त्या दिवशी अर्ज चालतो.

150 दिवसही उलटले, तर एकाच मागणीचा अर्ज देऊन भागवू नये. विलंब माफ करावा, अबेटमेंट रद्द करावी आणि वारस रेकॉर्डवर घ्यावेत, अशा तिन्ही मागण्या स्पष्ट लिहाव्यात. नुसती वारस घेण्याची मागणी असली तरी तिच्यात अबेटमेंट रद्द करण्याची विनंती गृहीत धरावी, असे सर्वोच्च न्यायालयाने 2003 साली मिठाईलाल सिंह विरुद्ध अन्नाबाई किणी या निकालात सांगितले आहे. तरीही समोरचा वकील त्यावर हरकत घेतोच आणि दोन-चार तारखा त्यात जातात. मृत्यूची माहिती नव्हती हे विलंबाचे कारण होऊ शकते, पण कधी, कोणाकडून, कसे कळले ते शपथपत्रात तारखेनिशी यायला हवे. ‘नुकतेच समजले’ एवढ्याने भागत नाही.

अर्जात मृत्यूची तारीख दाखल्याप्रमाणेच लिहावी. घरच्यांनी तोंडी सांगितलेली तारीख दाखल्याशी जुळत नाही आणि तेवढ्यावरून मुदतीचा वाद उभा राहतो. प्रत्येक वारसाचे पूर्ण नाव, वय, धंदा, पत्ता आणि मयताशी नाते द्यावे. सर्वांत जास्त चुका इथेच होतात. हिंदू पुरुष मृत्युपत्र न करता वारला तर मुलगे आणि विधवेइतक्याच मुलीही वर्ग 1 च्या वारस असतात, लग्न झालेल्यासुद्धा. मयताची आई हयात असेल तर तीही. आधी वारलेल्या मुलाची विधवा आणि मुलेही. सासरी गेलेल्या बहिणींना आणि म्हाताऱ्या आईला वगळून केलेले अर्ज सर्रास दिसतात. गोव्यात लग्नानंतर पती-पत्नीची मालमत्ता सामाईक धरली जाते, त्यामुळे वारसांच्या जोडीदारांचाही विचार करावा लागतो. वारस अज्ञान (अल्पवयीन) असेल तर पालक नेमून घ्यावा, आणि त्या पालकाचा हितसंबंध मुलाच्या विरुद्ध नसावा. एखादा वारस आधीच दाव्यात असेल तर त्याच्यापुरती तशी पुरसिस (कोर्टाला दिलेले लेखी निवेदन) दिली की काम होते.

अर्ज मंजूर झाला की काम संपले असे पक्षकाराला वाटते. खरे तर निम्मे काम तिथून पुढे असते. हुकुमात मुदत दिली नसेल तर 14 दिवसांच्या आत मूळ दाव्यात लाल शाईने ‘प्रतिवादी क्र. 3 मयत तर्फे वारस 3अ, 3ब, 3क’ अशी दुरुस्ती करायची, तिथे सही करायची, दुरुस्त प्रत द्यायची, प्रोसेस फी भरायची आणि नव्या वारसांना समन्स बजावून घ्यायचे. दुरुस्ती लिहिलीच नाही आणि निकालावर मयताचेच नाव राहिले, अशी प्रकरणे दरखास्तीच्या, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या, वेळी उघडी पडतात. मयताविरुद्ध झालेला हुकूमनामा मग अमलात येत नाही. वाटपासारख्या दाव्यात, जिथे हुकूम तुकड्यांत होऊच शकत नाही, तिथे एका मयतापुरती झालेली अबेटमेंट सगळा दावा बुडवू शकते.

ज्या प्रतिवादीने कैफियतच (दाव्याला लेखी उत्तर) दिली नाही, किंवा देऊनही जो दावा लढवायला आला नाही, त्याचे वारस आणण्यापासून आदेश 22 च्या नियम 4(4) खाली सूट मिळते. ती निकालाआधी मागावी लागते. दावा दाखल करण्यापूर्वीच प्रतिवादी वारला असेल, तर आदेश 22 लागूच होत नाही. तिथे पक्षकार जोडण्याचा, आदेश 1 नियम 10 चा रस्ता आहे. आणि दरखास्त चालू असताना कोणी वारले तर 90 दिवसांची ही अबेटमेंट लागत नाही.

आता आमची मागणी. 1976 च्या दुरुस्तीने आदेश 22 मध्ये नियम 10-अ आला. पक्षकार वारल्याचे त्याच्या वकिलाला कळले की त्याने कोर्टाला कळवायचे आणि कोर्टाने समोरच्याला नोटीस द्यायची, असे तो सांगतो. पण तो फक्त मृत्यू कळवायला लावतो, वारस कोण हे नाही. वकील ‘पक्षकार मयत’ एवढी दोन शब्दांची पुरसिस देऊन मोकळा होतो. वादी मग गावोगाव नावे आणि पत्ते शोधत फिरतो, तोवर 90 दिवस सरतात. अपिलात तर याहून वाईट होते. अपील उच्च न्यायालयात पडून असते, उत्तरवादी (अपिलातला समोरचा पक्षकार) एखाद्या वाडीत वारतो आणि सुनावणीचा दिवस येईपर्यंत ते कोणालाच ठाऊक नसते.

संहितेच्या कलम 122 खाली उच्च न्यायालयाला हे नियम बदलण्याचा अधिकार आहे. मुंबई उच्च न्यायालयाने 10-अ मध्ये भर घालून वकिलाने मृत्यूच्या तारखेसोबत माहीत असलेल्या वारसांची नावे, वये आणि पत्ते देणे सक्तीचे करावे. पुरावा सुरू होण्याच्या तारखेला आणि अपील अंतिम सुनावणीला लागण्याआधी दोन्ही बाजूंकडून सर्व पक्षकार हयात असल्याची पुरसिस घ्यावी आणि ती रोजनाम्यात (कोर्टाच्या रोजच्या कामाच्या नोंदीत) नोंदवावी. नियम बदलेपर्यंत जिल्हा न्यायालयांना एवढी पुरसिस मागायला कोणाची आडकाठी नाही. ती येत्या तारखेपासूनच मागायला सुरुवात करावी.

– दिवाणी दावे चालवणारे काही वकील, सातारा